ताबा, पावती आणि बेलिफ

जागेच्या ताब्याबद्दल आलेल्या पत्रांतले काही प्रश्न या अंकात घेतले आहेत. पत्र घरमालकाचं असो की जागेत राहणाऱ्याचं, सुरुवात बहुधा एकाच ठिकाणाहून होते: ‘त्याला बाहेर कसं काढू’ किंवा ‘मला बाहेर काढतील का’. कायदा मात्र त्याआधी एक प्रश्न विचारतो. जागेत बसलेला माणूस मालकाचा कोण लागतो? भाडेकरू, लायसन्सवर (भाडेकरूचा हक्क न मिळता, ठरावीक मुदतीच्या परवानगीने) राहणारा, राखणदार, की यांतला कोणीच नाही? हे उत्तर बदललं की कायदा बदलतो आणि कोर्टही बदलतं. चुकीच्या कोर्टात घातलेला दावा काही वर्षांनी ‘या न्यायालयाला अधिकार नाही’ असा शेरा घेऊन परत येतो, आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात करावी लागते. म्हणून पुढच्या प्रत्येक उत्तरात आधी नातं ठरवलं आहे, उपाय त्यानंतर सांगितला आहे.

प्रश्न : ठाण्यातला फ्लॅट मुलाच्या नावावर आहे, मुलगा न्यू जर्सीत असतो. त्याचा मुखत्यार म्हणून मी २४ महिन्यांचा लीव्ह अँड लायसन्स करार केला. करार नोंदणीकृत आहे. मुदत संपून तीन महिने झाले तरी कुटुंब जागा सोडत नाही, मात्र महिन्याचे २२,००० रुपये बँकेत भरतं. सोसायटीतले म्हणतात, ते गावी गेले की कुलूप बदला. बदलू का?

नका बदलू. मुदत संपली म्हणून त्यांचा हक्क संपला, पण ताबा अजून त्यांचाच आहे, आणि तो घ्यायचा तर कायद्याच्याच मार्गाने. कुलूप बदललंत तर ते स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या कलम ६ खाली सहा महिन्यांच्या आत दावा लावू शकतात. त्या दाव्यात मालक कोण हे पाहिलं जातच नाही. ताबा कोणाचा होता आणि तो जबरीने काढला का, एवढंच तपासतात. शिवाय घरात सामान होतं, दागिने होते, अशी पोलीस तक्रार होते ती वेगळीच. हातात इतका भक्कम कागद असताना हा धोका घ्यायचं कारणच नाही.

तुमच्या कागदाला बळ आहे ते महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ च्या कलम २४ चं. राहण्यासाठी दिलेल्या लायसन्सची मुदत संपली की मालकाला दिवाणी कोर्टात जावं लागत नाही, सक्षम प्राधिकाऱ्याकडे (अशा अर्जांसाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे) अर्ज करता येतो. त्या कलमानुसार लेखी करारात जे लिहिलं आहे तो निर्णायक पुरावा मानला जातो. म्हणजे ‘तोंडी आणखी दोन वर्षं द्यायचं ठरलं होतं’ ही सबब तिथे चालत नाही. करारात नाव नसलेला कोणी ‘मीही इथे राहतो’ म्हणून आला, तर त्याचं म्हणणं प्राधिकारी ऐकत नाही.

अर्जाबरोबर कराराची प्रत आणि इंडेक्स टू (नोंदणीचा सारांश उतारा), मालकीचा कागद (खरेदीखत किंवा शेअर सर्टिफिकेट), मुखत्यारपत्र आणि पाठवलेल्या नोटिशीची पोच जोडा. कलम २४ मध्ये नोटिशीची अट नाही, तरी एक साधी नोटीस द्या: मुदत अमुक तारखेला संपली, ताबा द्या. समन्स मिळाल्यापासून ३० दिवसांत समोरच्याला प्रतिज्ञापत्र करून ‘मला बाजू मांडायची परवानगी द्या’ असं मागावं लागतं. परवानगी मागितली नाही किंवा मिळाली नाही, तर तुमच्या अर्जातलं म्हणणं मान्य धरून ताब्याचा आदेश होतो. या आदेशावर अपील नाही, फक्त फेरतपासणी आहे.

आता पैशांचं. मुदतीनंतर जागा अडवून धरणाऱ्याला कलम २४ प्रमाणे लायसन्स फीच्या दुपटीने नुकसानभरपाई द्यावी लागते. तुमच्या बाबतीत ती महिन्याला ४४,००० रुपये होते. तीन महिन्यांचे १,३२,००० रुपये झाले, त्यांनी ६६,००० भरले, म्हणजे तेवढेच अजून बाकी आहेत. ते बँकेत पैसे भरतात आणि तुम्ही गप्प राहता, यातून ‘मालकाने मुदत वाढवली’ असं चित्र उभं करता येतं. आजच लिहून कळवा की ही रक्कम नुकसानभरपाईपोटी, हक्क राखून घेत आहोत आणि कराराचं नूतनीकरण झालेलं नाही. ‘भाडे मिळाले’ असा साधा व्हॉट्सॲप निरोपही पाठवू नका. अनामत रक्कम आत्ताच वळती करू नका. किल्ल्या मिळतील त्या दिवशी वीजबिल, मेंटेनन्स आणि मोडतोड धरून एकदाच हिशेब करा.

मुखत्यारपत्र एकदा नीट बघून घ्या. परदेशात सही झालेलं मुखत्यारपत्र महाराष्ट्रात आल्यापासून तीन महिन्यांत त्यावर मुद्रांक शुल्क भरावं लागतं. अर्ज पक्का असतो आणि नेमक्या या कागदावर तारखा पडत जातात. करार करणं आणि त्यावर सही करणं या गोष्टी तुम्ही स्वतः केल्या असल्याने त्यांबद्दल तुम्ही साक्ष देऊ शकता. जे फक्त मुलालाच ठाऊक आहे, त्याबद्दल मुखत्याराची साक्ष चालत नाही.

हा सगळा मार्ग राहण्याच्या जागेपुरता आहे. मुंबईत ऑफिस किंवा दुकान लायसन्सवर दिलं असेल, तर १८८२ च्या प्रेसिडेन्सी स्मॉल कॉज कोर्ट्स कायद्याच्या कलम ४१ खाली लघुवाद न्यायालयातच (भाडे आणि ताब्याचे वाद चालणाऱ्या कोर्टात) दावा लावावा लागतो.

प्रश्न : नाशिकला ११ महिन्यांचा करार आहे. एक वर्षाच्या आतला करार नोंदवावा लागत नाही ना?

लागतो. वर्षाच्या आतला भाडेपट्टा न नोंदवता चालतो हा सर्वसाधारण नियम, आणि त्यावरूनच ही समजूत पसरली आहे. महाराष्ट्रात १९९९ च्या कायद्याचं कलम ५५ सांगतं की भाड्याचा किंवा लीव्ह अँड लायसन्सचा प्रत्येक करार लेखी आणि नोंदणीकृत हवा, मुदत कितीही असो. नोंदणीची जबाबदारी मालकाची आहे. ती टाळली तर तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा ५,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. खरा फटका पुढे भांडण झालं की बसतो. नोंदणी नसेल तर राहणारा सांगेल त्याच अटी ठरल्या होत्या असं धरलं जातं, आणि ते खोटं आहे हे मालकाला सिद्ध करावं लागतं.

खर्च लोकांना वाटतो तेवढा नसतो. महिना १५,००० रुपये, मुदत २४ महिने, परत करायची अनामत ६०,००० असं धरा. एकूण फी ३,६०,०००. अनामतीवर दर साल १० टक्क्यांनी दोन वर्षांचं व्याज १२,०००. दोन्ही मिळून ३,७२,०००, त्याच्या पाव टक्का मुद्रांक शुल्क म्हणजे ९३० रुपये. शहरी हद्दीत नोंदणी फी १,००० रुपये, ग्रामीण भागात ५००. नोंदणी ऑनलाइन होते आणि अंगठे घरबसल्या घेता येतात.

प्रश्न : पुण्यात सदाशिव पेठेत आमचा वाडा आहे, सहा भावंडांच्या नावावर. एका भाडेकरूने १४ महिने भाडं दिलेलं नाही (महिना ४८० रुपये). शिवाय माझ्या मुलाचं लग्न ठरलं आहे, जागा हवी आहे. दोन भावंडं परगावी असतात. मी एकटा दावा लावू शकतो का आणि कोणत्या कारणावर?

एकटे लावू शकता. सहमालकांपैकी एकाने भाडेकरूविरुद्ध लावलेला दावा चालतो, बाकीच्यांनी हरकत घेतली नाही म्हणजे झालं. तरी त्यांची संमतीपत्रं आधी घेऊन ठेवा. हा भाडेकरू १९९९ च्या भाडे कायद्याचं संरक्षण असलेला आहे (पुढची कलमं त्याच कायद्यातली), त्यामुळे दावा पुण्याच्या लघुवाद न्यायालयात जाईल आणि अपील जिल्हा न्यायालयात.

थकबाकीवर फार भिस्त ठेवू नका. कलम १५ प्रमाणे आधी थकलेल्या भाड्याची लेखी मागणी करावी लागते आणि ती पोचल्यापासून ९० दिवस वाट पाहावी लागते. त्याआधी लावलेला दावा याच मुद्द्यावर पडतो. नोटीस ८५ दिवसांपूर्वी पोचली आणि वकिलांनी घाईने दावा नोंदवला, तर फक्त पाच दिवसांसाठी सगळं वाया जातं. म्हणून पोचपावतीवरची तारीख स्वतः वाचा आणि दिवस कॅलेंडरवर मोजा. नोटिशीत आकडा तंतोतंत हवा. भाडं ४८० असताना ‘हल्लीच्या दराने ५,०००’ असं मागितलं, किंवा तीन वर्षांच्या पलीकडची मुदतबाह्य बाकी त्यात घातली, तर भाडेकरूच्या वकिलाला आयता मुद्दा मिळतो. कायद्याने मिळणारी वर्षाला ४ टक्के भाडेवाढ तुम्ही रीतसर कळवली असेल तरच धरा.

एवढं सगळं बिनचूक केलं तरी भाडेकरूला एक संधी उरतेच. दाव्याचं समन्स मिळाल्यापासून ९० दिवसांत त्याने सगळी बाकी, त्यावर १५ टक्के सरळ व्याज आणि पुढचं भाडं नियमित कोर्टात भरलं, दाव्याचा खर्चही दिला, तर थकबाकीच्या कारणावर हुकूमनामा (ताबा देण्याचा कोर्टाचा आदेश) होत नाही. १४ महिन्यांचे ६,७२० रुपये आणि त्यावर वर्षाला ढोबळमानाने हजारभर रुपये व्याज, हे कोणीही भरेल. (भाडेकरू वाचकांसाठी: इथे बहुतेक जण एकदा बाकी भरतात आणि पुढचे हप्ते विसरतात. दावा निकाली निघेपर्यंत एकही महिना चुकवू नका.)

आणखी एक गोष्ट स्वतःशी प्रामाणिकपणे तपासा. या १४ महिन्यांत त्याची मनिऑर्डर आली आणि तुम्ही ‘घेण्यास नकार’ लिहून परत पाठवली, असं झालं आहे का? झालं असेल तर तो थकबाकीदार ठरत नाही, कारण भाडं द्यायला तो तयार होता.

तुमचं खरं बळ कलम १६ मधल्या ‘वाजवी आणि प्रामाणिक गरज’ या कारणात आहे. पण ‘मुलाचं लग्न आहे, जागा हवी’ एवढ्यावर कोर्ट समाधानी होत नाही. वाद-अर्जात लिहा: घरात माणसं किती, त्यांची वयं काय, सध्या खोल्या किती, कोण कुठे झोपतं, न्हाणीघर कोणकोण वापरतं. खोल्यांचा साधा नकाशा जोडा. कोथरूडला किंवा आणखी कुठे तुमच्या किंवा मुलाच्या नावावर फ्लॅट असेल तर तो लपवू नका. ती जागा का पुरत नाही ते सांगा. कबूल केलेला फ्लॅट समजावून देता येतो. उलटतपासणीत उघड झालेला फ्लॅट मात्र गरजेचा प्रामाणिकपणाच संपवतो. यानंतर कोर्ट दोन्ही बाजूंची तुलना करतं: हुकूमनामा दिला तर भाडेकरूची ओढाताण जास्त, की नाकारला तर तुमची? काही वेळा जागेच्या एका भागापुरता हुकूमनामाही होतो.

ताबा मिळाल्यावर एका महिन्याच्या आत मुलाने तिथे राहायला जायला हवं. ती जागा वर्षाच्या आत दुसऱ्याला भाड्याने दिली, तर जुना भाडेकरू १३ महिन्यांच्या आत अर्ज करून जागा परत मागू शकतो. हे कलम १७ हुकूमनाम्याच्या आनंदात पुष्कळांच्या ध्यानात राहत नाही.

प्रश्न : गिरगावात चाळीत पागडीची खोली वडिलांच्या नावावर होती. वडील गेल्या वर्षी वारले. मालक पावती माझ्या नावावर करत नाही, भाडंही घेत नाही. मी नोकरीमुळे दोन वर्षं बदलापूरला भाड्याने राहतो, आई खोलीवर असते.

तुमच्या कुटुंबाचा हक्क आज तुमच्या आईमुळे शाबूत आहे, हे आधी लक्षात घ्या. भाडेकरू वारला तर त्याच्या मृत्यूच्या वेळी त्याच्याबरोबर त्या जागेत राहणारा कुटुंबातला माणूस भाडेकरू होतो. असा कोणीच नसेल तरच वारसांचा विचार होतो. तेव्हा पावती तुमच्या नावावर मागण्याचा हट्ट सोडा आणि आईच्या नावावर मागा. तुम्ही ‘मीच राहत होतो’ म्हणून प्रतिज्ञापत्र केलंत आणि बदलापूरच्या कराराची प्रत समोर आली, तर आईचीही बाजू कमकुवत होते. वडिलांनी मृत्युपत्रात खोली कोणाला दिली असेल, तर त्याचाही उपयोग नाही. भाडेकरूचा हक्क मृत्युपत्राने देता येत नाही, असा सर्वोच्च न्यायालयाचा १९९४ चा निर्णय आहे.

भाडं दर महिन्याला पाठवत राहा. चेक, बँक किंवा मनिऑर्डर, काहीही चालेल, पण नकाराचा शेरा असलेली प्रत्येक चिठ्ठी आणि परत आलेलं प्रत्येक पाकीट न फाडता वर्षवार लावून ठेवा. भाडं मिळाल्याची पावती देणं मालकावर कलम ३१ ने बंधनकारक आहे. आईचं रेशनकार्ड, मतदार यादीतलं नाव, गॅसचं पुस्तक, दवाखान्याचे कागद, सगळं त्या खोलीच्या पत्त्याचं हवं.

आई तुमच्याकडे येऊन राहणार असेल तर सावध राहा. दाव्याच्या आधीचे सलग सहा महिने जागा सबळ कारणाशिवाय वापरात नसेल, तर तेवढ्यावर ताबा मागता येतो. अशा दाव्यात मालक पहिल्यांदा मागवतो ते विजेच्या मीटरचं वाचन. बिलात महिनोनमहिने शून्य किंवा दोन-तीन युनिट दिसले, की साक्षीदारांनी काहीही सांगितलं तरी ते आकडे पुसता येत नाहीत. आजारपणामुळे जागा बंद ठेवावी लागली असेल, तर ते सबळ कारण ठरू शकतं. त्यासाठी डॉक्टरांचे कागद त्याच काळातले हवेत.

प्रश्न : कोल्हापूर. मालकाशी दावा चालू आहे, म्हणून त्याने पाण्याचा नळ तोडला.

दावा चालू असो वा नसो, अत्यावश्यक सोय तोडण्याचा अधिकार मालकाला नाही. पाणी, वीज, जिन्यातले दिवे, लिफ्ट, स्वच्छता हे सगळं कलम २९ मध्ये येतं. ज्या कोर्टात तुमचा दावा आहे तिथेच लगेच अर्ज द्या. तातडी असेल तर मालकाला नोटीस जाण्याआधीही सोय पूर्ववत करण्याचा अंतरिम आदेश मिळू शकतो. नळाचा फोटो तारखेसह काढा आणि टँकर मागवला असेल तर त्याची पावती जपा.

प्रश्न : संगमेश्वर तालुक्यात आमचं वडिलोपार्जित घर आहे. १९९८ पासून एक कुटुंब राखण करतं, भाडं कधी घेतलं नाही. आता घरपट्टीच्या उताऱ्यावर भोगवटादार म्हणून त्यांचं नाव आहे आणि ‘१२ वर्षांच्या वर राहिलो, घर आमचं’ असं म्हणतात. दोन महिन्यांपूर्वी त्यांच्या वकिलाची तशी नोटीसही आली.

परवानगीने राहणाऱ्याचा कब्जा कितीही वर्षं चालला तरी तो मालकाविरुद्धचा कब्जा होत नाही. राखणदार मालकाच्या वतीनेच घर सांभाळत असतो. गोव्यातल्या एका घराच्या वादात सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये हे स्पष्ट सांगितलं: राखणदार किंवा नोकर कितीही काळ राहिला तरी त्याला जागेत हक्क मिळत नाही, आणि मालकाने मागितल्यावर त्याने ताबा द्यावा. प्रतिकूल कब्जा (मालकाविरुद्ध उघडपणे १२ वर्षं ताबा ठेवल्याने मिळणारा हक्क) सांगणाऱ्याला कोणत्या तारखेपासून, कसा आणि मालकाला कळेल अशा रीतीने आपण मालकी नाकारली, हे सगळं सिद्ध करावं लागतं.

ग्रामपंचायतीचा नमुना ८, म्हणजे घरपट्टीचा उतारा, हा कर आकारणीचा कागद आहे. त्यात मालकाचा आणि भोगवटादाराचा रकाना वेगळा असतो, आणि भोगवटादाराच्या रकान्यात नाव आलं म्हणून मालकी येत नाही. पण पुढच्या वेळी ते नाव मालकाच्या रकान्यात सरकलं, तर वाद वाढतो. ग्रामपंचायतीकडे लेखी हरकत आजच द्या, पोच घ्या आणि घरपट्टी यापुढे स्वतः भरा.

त्यांची नोटीस आली आहे ती मात्र दुर्लक्षून चालणार नाही. आता त्यांनी उघड मालकी सांगितली आहे, म्हणजे १२ वर्षांची मुदत तिथपासून मोजायचा मुद्दा तयार झाला. उत्तर द्या, राहण्याची परवानगी मागे घ्या, ताबा मागा, आणि दिवाणी न्यायालयात ताब्याचा दावा लावा. भाडं नसल्याने हा भाडे कायद्याचा दावा नाही, आणि कोर्ट फी घराच्या किमतीप्रमाणे लागेल. पाठवलेल्या पगाराच्या नोंदी, गणपतीला आलात तेव्हाची त्यांची पत्रं, दुरुस्तीचा खर्च तुम्ही केल्याच्या पावत्या, असं काहीही ‘राखणदार’ हे नातं दाखवतं. याउलट कधी तरी ‘भाडे’ म्हणून घेतलेली एक चिठ्ठी निघाली, तर वाद भाडे कायद्याकडे वळतो.

घराबरोबर ते शेतही करत असतील तर शेताचा प्रश्न वेगळा ठेवा. ‘मी कूळ आहे’ हा मुद्दा १९४८ च्या कूळ कायद्याखाली महसूल अधिकारी ठरवतो, दिवाणी कोर्ट तो त्यांच्याकडेच पाठवतं. हेच घर गोव्यात असतं, तर भाटकाराच्या (जमीनमालकाच्या) जमिनीवर त्याच्या संमतीने राहणाऱ्या माणसाला १९७५ च्या मुंडकार कायद्याचं संरक्षण आहे का, हे मामलतदाराकडे आधी पाहावं लागलं असतं.

प्रश्न : दादरची आमची जागा एका प्रायव्हेट लिमिटेड कंपनीकडे भाड्याने आहे. तिलाही भाडे कायद्याचं संरक्षण आहे का?

कंपनीचं भरणा झालेलं भागभांडवल एक कोटी रुपये किंवा जास्त असेल तर नाही, कलम ३ तिला वगळतं. कंपनी कामकाज मंत्रालयाच्या संकेतस्थळावर भरणा झालेलं भांडवल बघा, अधिकृत भांडवलाचा आकडा बघून दावा लावू नका. दर महिन्याचं भाडं असेल तर १५ दिवसांच्या नोटिशीने भाडेकरार संपवता येतो. दावा मात्र मुंबईत लघुवाद न्यायालयातच लावायचा.

प्रश्न : ११ वर्षांनी ताब्याचा हुकूमनामा मिळाला, अपीलही फेटाळलं गेलं. आता पुढे काय?

आता दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याची अंमलबजावणी मागणारा अर्ज. हुकूमनाम्याची अंमलबजावणी १२ वर्षांच्या आत मागता येते, पण एक दिवसही थांबू नका. सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये दरखास्ती सहा महिन्यांत निकाली काढण्याचे निर्देश दिले आहेत, तारीख मागताना त्याचा आधार घ्या. समोरचा वरच्या कोर्टात स्थगिती मागेल. ती द्यायचीच असेल तर जुन्या भाड्यावर नको, आजच्या बाजारभावाने दरमहा रक्कम भरण्याच्या अटीवर द्यावी, असा आग्रह धरा. २००४ पासून सर्वोच्च न्यायालयाची भूमिका तशी आहे.

ताब्याच्या वॉरंटवर जागेचं वर्णन हुकूमनाम्याशी अक्षरशः जुळायला हवं. हुकूमनाम्यात ‘पहिल्या मजल्यावरील दोन खोल्या व सज्जा’ असेल आणि वॉरंटमध्ये ‘सज्जा’ गळला, तर बेलिफ (कोर्टाचा आदेश बजावणारा कर्मचारी) सज्जा देणार नाही, आणि तो बरोबरच असेल. चतुःसीमा आणि खोली क्रमांक आदल्या दिवशी जागेवर जाऊन ताडून पाहा. विरोध अपेक्षित असेल तर पोलीस मदतीचा अर्ज आधी करून त्याचा आदेश हातात ठेवा. त्या दिवशी दोन पंच, कुलूपवाला आणि नवीन कुलूप तुम्ही न्यायचं.

दारात एखादा अनोळखी माणूस उभा राहून ‘मी वेगळा भाडेकरू, हुकूमनामा माझ्याविरुद्ध नाही’ म्हणाला, तर बेलिफ अहवाल लिहून परत जाईल. त्याच्याशी हमरीतुमरीवर येऊ नका. त्या विरोधाच्या तारखेपासून ३० दिवसांत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ऑर्डर २१, नियम ९७ खाली अर्ज द्या. त्या माणसाचा हक्क खरा की खोटा हे दरखास्तीतच ठरतं, वेगळा दावा लागत नाही. ताबा मिळाला की सही करण्यापूर्वी पंचनामा पूर्ण वाचा: किती खोल्या, कोणतं सामान कोणाच्या हवाली, मीटरचं वाचन किती, किल्ल्या किती. मागे राहिलेल्या सामानाची यादी अपुरी असेल तर पुढचं भांडण त्या सामानावरूनच सुरू होतं.